पट्टीने खोडलेलं उत्तर

वहिनी, काल तुझं बारावं झालं आणि आज सकाळी मी तुझ्याशी भांडायला बसले आहे. माणूस गेल्यावर त्याच्याशी भांडणं हा पळपुटेपणा, हे मला कळतं. पण तू होतीस तेव्हा तरी मी कुठे सरळ भांडले? पस्तीस वर्षं आपण दोघी जावा म्हणून एकाच दाराने आत-बाहेर केलं. मधे शेत गेलं, त्यावर बिल्डिंग आली, तू पहिल्या मजल्यावर आणि मी तिसऱ्यावर गेले, तरी आपलं खरं भांडण एकच झालं, तेही गणितावरून. जावा-जावा सोन्यावरून भांडतात, जागेवरून भांडतात. आपण भांडलो ते वडापाव आणि सरबतावरून. ते वडापाव कोणी तळले नव्हते आणि ते सरबत कोणी प्यायलं नव्हतं. सगळं कागदावरचं.

मोठ्या जावेला अगं-तुगं करते म्हणून कोणी नाक मुरडेल. मुरडू दे. आपल्या आगऱ्यांच्या घरात अहो-जाहो मुळात कमीच. मी कल्याणहून लग्न होऊन आले तेव्हा शाळेतल्या सवयीने तुला पहिल्या दिवशी 'तुम्ही' म्हटलं होतं, तर तू मागे वळून बघितलंस, आणखी कोण आलंय ते बघायला. आणि म्हणालीस, "मी इकलीच हाय गो. तू बोल." तेव्हापासून तूच.

लिहिण्यासारखं दुसरं पुष्कळ आहे, ते लोक सांगतीलच. मला आधी ती सकाळ आठवते. माझ्या हातात दिवा गावच्या शाळेचं नेमणुकीचं पत्र होतं, लग्नाला वर्षही झालं नव्हतं, आणि सासूबाई चुलीपाशी बसून म्हणत होत्या, सून नोकरीला गेली तर घरातलं कोण बघणार. तुझा धाकटा दीर, म्हणजे माझा नवरा, भिंतीकडे बघत उभा. तू भाकरी थापत होतीस. हात न थांबवता म्हणालीस, "आय, भाकऱ्या मी थापीन. पाच काय न् आठ काय, तवा तोच हाय. तिला जाऊ दे." विषय संपला. एकतीस वर्षं मी दिव्याला जाऊन पोरांना गणित शिकवलं, ती सगळी वर्षं तुझ्या त्या एका वाक्यावर उभी आहेत. माझा रोहन तुझ्या मांडीवर वाढला. तो पहिल्यांदा 'आई' म्हणाला तेही तुला. मला तेव्हा वाईट वाटलं होतं आणि तुला ते समजलंही होतं, म्हणून तू त्याला उचलून माझ्याकडे दिलंस आणि उगीचच अंगणात निघून गेलीस.

या सगळ्याच्या बदल्यात तू माझ्याकडे काय मागितलंस? काही नाही. एकदाच मागितलंस, तेही मी रिटायर झाल्यावर. दुपारी वर आलीस, हातात वाटीभर भाजलेला जवळा, वर ताटली झाकलेली. वाटी ओट्यावर ठेवलीस आणि पदराला हात पुसत म्हणालीस, "मना दहावी व्हायचा हाय."

मी हसले. "कशाला गं आता?"

"कशाला म्हंजे? तू झालीस तेव्हा तुला कोनी विचारला, कशाला?"

तू एकसष्ट वर्षांची होतीस. आठवीत असताना तुझ्या आईचं पाठीचं दुखणं सुरू झालं आणि तुझी शाळा सुटली, एवढं मला ठाऊक होतं. पण ती सुटलेली शाळा तू इतकी वर्षं मनात धरून असशील, हे माझ्या कधी डोक्यात आलं नव्हतं. आपण बाहेरून बसायचा फॉर्म भरला. शाळा सोडल्याचा तुझा दाखला ठाण्याच्या शाळेतून काढताना तिथल्या कारकुनाने विचारलं, "नातीचा आहे का?" तू म्हणालीस, "नातीच्या आजीचा." तो बिचारा उठून उभा राहिला.

मग रोज दुपारी दोन ते चार. मराठीला तू मला शिकवलंस म्हणायला हरकत नाही, इतिहास गोष्टीसारखा वाचलास, इंग्रजीला घाबरलीस पण पाठ करून टाकलंस. गणितात पूर्णांक, टक्केवारी, व्याज सगळं तोंडी. आणि मग आपण शाब्दिक उदाहरणांपाशी आलो. दोन वस्तू विकल्या, एकूण नग इतके, एकूण पैसे इतके, तर कुठली वस्तू किती विकली ते सांगा. पोरं या उदाहरणांपाशी पेन चावत बसतात. तू मात्र खूश झालीस, माहेरचं कोणी भेटल्यासारखी.

पहिलं उदाहरण मला अजून आठवतं. एका भाजीवालीने मेथी आणि मुळ्याच्या मिळून शंभर जुड्या विकल्या. मेथीची जुडी पंधरा रुपयांना, मुळ्याची दहाला. बाराशे रुपये आले. मी म्हटलं, बघ जमतंय का. तू दोन मिनिटं खिडकीबाहेर बघितलंस आणि लिहिलंस: मेथी साठ, मुळा तीस.

"वहिनी, ही बेरीज नव्वद होते. जुड्या शंभर आहेत."

"मग? दहा वर गेल्या."

"कुठे वर गेल्या?"

"अगो, वर! गिऱ्हाइकाला वर नको द्यायला? शंभर जुड्या इकल्या तर शंभराचे पैसे येतात काय कवा? दहा तरी वर जातात."

मी पोट धरून हसले. उत्तर तर इतकं चपखल होतं, की वर गेलेल्या दहा बाजूला ठेवल्या तर नव्वद जुड्यांचे बरोबर बाराशे होत होते. मी म्हटलं, गणितात वर नसतो. तू म्हणालीस, "मग तिच्याकडे गिऱ्हाईक परत कसा येल?" त्या दिवशी संध्याकाळी मी हा किस्सा घरात सगळ्यांना सांगितला. तुझे यजमान, म्हणजे माझे भाऊजी, हसले, तुझी सून हसली, नात सानिका तर लोळायची बाकी राहिली. तूही हसलीस. पण दुसऱ्या दिवशी वर येताना तू विचारलंस, "आज जो चुकंल तो खाली नको हां सांगू." मी म्हटलं, नाही सांगणार. तेवढं मात्र मी पाळलं.

तुझी रीत तू मला त्याच आठवड्यात समजावलीस. माजिवड्याला तुमची वाडी होती. आई पाटी घेऊन ठाण्याच्या बाजारात बसायची आणि अधूनमधून तुला पाटीपाशी सोडून दुसऱ्या कामाला जायची. परत आली की पाटी रिकामी आणि पैसे तुझ्या फ्रॉकच्या ओच्यात. आईला जाणून घ्यायचं असायचं, मेथी किती गेली आणि मुळा किती, म्हणजे उद्या पहाटे काय जास्त उपटायचं ते ठरायचं. तू सांगायचीस, आणि ते कधी चुकलं नाही. "सगळा मुळाच इकला धरायचा," तू म्हणालीस. "मग जे पैसे जादा राहतात ते मेथीनं आनलेले. एका मेथीनं किती जादा आनले ते बघायचा. झाला." इतकं सोपं. सातवीतली मुलगी बाजारात बसून हे कुणालाही न विचारता शोधून काढते, आणि साठीला आल्यावर जावेपुढे ते सांगताना तिचा आवाज खाली जातो. मी तेव्हाच उठून तुला मिठी मारायला हवी होती.

मी काय केलं? मी म्हटलं, "हो, पण पेपरात हे चालत नाही. समजा मेथीच्या जुड्या एक्स."

"एक्स म्हंजे कोन?"

"एक्स म्हणजे मेथीच्या जुड्यांची संख्या."

"मग मेथीच लिव ना. जल्ला तो एक्स मधीच कशाला?"

इथून आपलं भांडण सुरू झालं. सुरुवातीला गमतीचं होतं. तू म्हणायचीस, मेथीला मेथी म्हटलं तर तिला राग येतो का. मी म्हणायचे, उद्या मेथी नसेल, पेनं असतील, वह्या असतील, तेव्हा काय करशील? तू म्हणायचीस, तेव्हा पेन म्हणेन. तू दोन्ही समीकरणं बरोबर मांडायचीस, वळणदार अक्षरात, ओळीखाली ओळ. पण एकातून दुसरं वजा करताना पहिल्या पदाचं चिन्ह बदलायचीस आणि दुसऱ्याचं तसंच ठेवायचीस. मग एक्स आणि वाय ही दोन अनोळखी माणसं पुन्हा दोघंच राहायची आणि तू पेन खाली ठेवायचीस. "मना ठाव हाय उत्तर," म्हणायचीस. "हा कागद सांगू देत नाय."

आणि मग तो जानेवारीतला दिवस. मी सराव पेपर काढला होता. वह्या आणि पेनांच्या विक्रीचं उदाहरण होतं, चार गुणांचं. तू तुझ्या रीतीने तीन ओळींत सोडवलंस. एकेक पायरी शब्दांत लिहिली होतीस, उत्तर बरोबर, खाली पडताळाही. मी लाल पेन उचललं आणि त्यावर फुली मारली. बाजूला शून्य लिहिलं, शून्याभोवती गोल केला. तू कागदाकडे बघत राहिलीस.

"उत्तर चुकला?"

"उत्तर बरोबर आहे. रीत चुकीची आहे. वहिनी, हे बाजारात चालेल, पेपरात नाही. असं लिहिलंस तर उत्तर बरोबर येऊनही एकही मार्क मिळणार नाही. आणि एखादं उत्तर नको वाटलं, तर पट्टीने सरळ एक रेष मारायची आणि खाली नव्याने सुरू करायचं. गिचमिड करायची नाही."

तू मान हलवलीस. बाजारात चालेल, हे मी ज्या सुरात म्हटलं तो सूर मला आत्ताही ऐकू येतोय. तोच सूर सासूबाईंचा होता, तुला आठवीच्या पुढे काय येतं म्हणताना. माझ्याकडे बी.एस्सी.ची डिग्री होती, त्यामुळे माझा जास्त शुद्ध होता इतकंच.

आता खरं सांगते. वहिनी, मी खोटं बोलले. मी कित्येक वर्षं दहावीचे पेपर तपासले आहेत. उदाहरणात अमुकच रीतीने सोडवा असं म्हटलेलं नसेल आणि पोराने पायऱ्या नीट दाखवल्या असतील, तर मी स्वतः अशा उत्तरांना पूर्ण मार्क दिले आहेत. एका पोराने तर चित्रं काढून सोडवलं होतं, त्यालाही दिले. परक्या पोराला दिले आणि तुला शून्य. का? मी पुष्कळ दिवस स्वतःला सांगितलं, की एखादा तपासणारा घाईत असेल, त्याला कळणार नाही, म्हणून तुझ्याच भल्यासाठी. ते काही खरं नाही. जी गोष्ट शिकवायला मला पंधरा तास लागतात ती तू तीन ओळींत, एक्स आणि वाय यांना दारात न घेता, करून मोकळी झालीस, ते मला खुपलं. शिक्षक मी होते ना.

आणि दुसरं एक सांगायचं राहिलं, ते तर जास्त लाजिरवाणं आहे. तुझी रीत आणि माझी रीत एकच होती. सगळा मुळाच विकला धरायचा, म्हणजे शंभराला दहाने गुणायचं. समीकरणात मीही तेच करायला लावते, पहिल्या समीकरणाला दहाने गुणा म्हणते. मग वजा करा म्हणते. तू ज्याला जादा राहिलेले पैसे म्हणायचीस, तीच ती वजाबाकी. हे मी वहीत एकदा जरी तुझ्यापुढे शेजारी-शेजारी मांडलं असतं, तर चिन्हाची ती चूक तू पुन्हा केली नसतीस. मला हे दिसत होतं. मी मांडलं नाही.

मार्चमध्ये तू परीक्षेला बसलीस. गणिताच्या पेपरच्या दिवशी भाऊजी तुला रिक्षाने केंद्रावर घेऊन गेले आणि बाहेर वडाच्या पारावर तीन तास बसून राहिले. तू बाहेर आलीस ती हसत नव्हतीस. निकाल लागला, सगळ्या विषयांत पास, मराठीत तर सानिकाच्या आईला दहावीत होते त्यापेक्षा जास्त मार्क, आणि गणितात ग्रेस धरूनही तीन कमी. तू म्हणालीस, "तीनच ना? तीन काय लांब नाय." मी म्हटलं, उत्तरपत्रिकेची प्रत मागवू, कुठे तपासायचं राहिलं असेल तर बघू. मागवली. नाक्यावरच्या झेरॉक्सवाल्याकडून छापून आणली आणि जिन्यातच उघडली.

शेवटून दुसऱ्या पानावर ते होतं. शाळेच्या आनंदमेळाव्यात वडापाव आणि सरबताचे पेले मिळून नव्वद नग विकले. वडापाव वीस रुपयांना, सरबत बाराला, एकूण विक्री चौदाशे ऐंशी. तुझ्या अक्षरात लिहिलं होतं: सगळे सरबत विकले असे धरले. ९० गुणिले १२ बरोबर १०८०. जादा आले ४००. एका वडापावने जादा दिले ८. म्हणून वडापाव ५०, सरबत ४०. समासात छोटासा पडताळा, हजार अधिक चारशे ऐंशी, पुढे 'बरोबर'. आणि या सगळ्यावर पट्टीने मारलेली एक सरळ रेष. जराही गिचमिड नाही. खाली नव्याने सुरू केलेलं: समजा विकलेले वडापाव एक्स. दोन समीकरणं, मग वजाबाकी, मग तीच चिन्हाची चूक, मग काही नाही. अर्धं पान कोरं. तपासणाऱ्याने समीकरणांचा एक मार्क दिला होता. खोडलेलं कोणी तपासत नाही. वरची रेष नसती तर चार मिळाले असते. एकाऐवजी चार. तुला तीनच हवे होते.

मी जिन्यात बसले. पायऱ्या उतरणाऱ्या पोरांनी विचारलं, आजी, चक्कर आली का? मी म्हटलं, नाही. उठले आणि तुझ्या दाराशी आले. तू तांदूळ निवडत होतीस.

"काय दिसला?"

"सगळं नीट तपासलंय," मी म्हटलं. "वजाबाकीत चुकलीस. चिन्ह."

"बघू कागद."

"कशाला बघतेस? जीवाला त्रास. पुढच्या वेळी होईल."

तू हात पुढे केला होतास तो तांदळात परत नेलास. "बरं," म्हणालीस. मी एकही शब्द खोटा बोलले नव्हते, बघ. वजाबाकीत चूक होतीच. गणिताच्या बाईला अर्धं खरं सांगायला चांगलं येतं.

त्यानंतर तू गणिताचं पुस्तक सानिकाला देऊन टाकलंस. तिची दहावी सुरू होत होती. आम्ही सगळ्यांनी तुला पुन्हा बसायला सांगितलं, भाऊजींनी दोनदा. हिवाळ्यात मीही एकदा म्हटलं, धीर करून, की वहिनी, एकच पेपर आहे, बसतेस का. म्हटलं, या वेळी आपण तुझ्याच पद्धतीने जरा... तू मला वाक्य पुरं करू दिलं नाहीस. "नको गो आता. पुरे झाला. डोळे दुखतात." आणि लगेच विचारलंस, रोहनचा फोन आला होता का. मला हायसं वाटलं, वहिनी. हे लिहायला नको वाटतं, पण त्या क्षणी मला हायसं वाटलं.

मग गेल्या महिन्यातले ते तीन दिवस. माजिवड्याच्या हॉस्पिटलमध्ये तुला सातव्या मजल्यावर खिडकीजवळची खाट मिळाली होती. दुसऱ्या दिवशी दुपारी तुला बरं वाटत होतं. मी संत्रं सोलत बसले होते. तू खाली हायवेच्या पुलाकडे बघत म्हणालीस, "तो खांब दिसतो ना, तिथं आमची विहीर होती. त्याच्या अलीकडं मेथी." मग हसलीस. "माझ्या आयला सगळा तोंडपाठ सांगायची मी. कवा चुकला नाय."

याहून सरळ दार कोणी उघडून दिलं असतं? मला फक्त म्हणायचं होतं, पेपरातही चुकलं नव्हतं गं. चार शब्द. ते माझ्या जिभेवर आले होते. मी संत्र्याची फोड तुझ्या हातात ठेवली आणि म्हटलं, "बी काढलीये." तू फोड खाल्लीस, माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघितलंस आणि म्हणालीस, "दमलीस तू. घरी जा. तुझ्या भाऊजींना सांग, मी बरी हाय." तिसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टरांनी आम्हाला बाहेर बोलावलं.

काल तुझ्या बाराव्याला घर भरलं होतं. माजिवड्याहून तुझे भाऊ आले होते, माझ्या शाळेतल्या दोघी आल्या. जेवणं झाली, पाहुणे हळूहळू गेले. आपलीच माणसं उरली तेव्हा भाऊजी तुझ्या फोटोकडे बघत म्हणाले, "सगळ्यात पास झाली. गणितात तेवढी कच्ची राहिली बिचारी." प्रेमानेच म्हणाले. सगळ्यांनी मान डोलवली. आणि वहिनी, मला ते सहन झालं नाही. मी उठून उभी राहिले, वर्गात राहते तशी, आणि सगळ्यांपुढे सांगितलं. कच्ची नव्हती. उत्तर बरोबर होतं. माझ्या सांगण्यावरून तिने ते खोडलं, मला माहीत होतं की त्याला मार्क मिळाले असते, आणि निकालानंतरही मी तिला सांगितलं नाही. भाऊजींनी चष्मा काढून मांडीवर ठेवला. तुझी सून उगीचच रिकाम्या वाट्या एकात एक घालत राहिली.

मला वाटलं होतं, कोणीतरी माझ्यावर ओरडेल. मला ते हवं होतं. ओरडलं कोणीच नाही. सानिका चटई गुंडाळत होती, ती तशीच थांबली आणि म्हणाली, "बारकी आजी, आजीला माहिती होतं."

"काय माहिती होतं?"

"हेच. आमच्या टीचरनी गणपतीच्या सुट्टीनंतर वर्गात सांगितलेलं, रीत दिलेली नसेल तर कुठलीही चालेल, फक्त स्टेप्स दाखवा. मी आजीला येऊन बोलली, आजी, तुझी मेथीवाली रीत चालते! ती आधी हसली. मग उठून खिडकीशी गेली. मी बोलली, मग तू परत बस ना, आरामात पास होशील. तर बोलली, नको. बारकीला समजंल."

"काय समजेल?"

सानिका रडायला लागली होती. "बोलली, तिनं एकतीस वर्षं पोरं शिकवली. एका माझ्यापायी तिला वाटंल, सगळीच चुकीची शिकवली. तू तिला काय बोलू नको. मी प्रॉमिस केलेलं."

आता कळलं, मी सकाळीच का भांडायला बसले आहे? तुला कोणी सांगितलं होतं असं करायला? तू माझ्यासाठी भाकऱ्या थापल्यास, माझं पोर सांभाळलंस, ते मी घेतलं, कारण जावा-जावांत चालतं. पण तुझी दहावी? ती एकच गोष्ट तू आयुष्यात स्वतःसाठी मागितली होतीस. मार्चमध्ये पेपरला जाऊन बसली असतीस, सगळं सरबतच धरलं असतंस, आणि जूनमध्ये पेढे वाटले असतेस. माझं काय झालं असतं? मान खाली गेली असती चार दिवस. ती जायलाच हवी होती. माझ्या चार दिवसांच्या खाली गेलेल्या मानेसाठी तू दहावी सोडून दिलीस, आणि वर मला डोळे दुखतात म्हणून सांगितलंस. मला राग आलाय वहिनी, इतका, की तू समोर असतीस तर मी तुला गदागदा हलवलं असतं. आणि मग तुझ्या गळ्यात पडून रडले असते, हेही तुला माहीत आहे.

सकाळपासून मी त्या दुपारचाच विचार करते आहे. ती खिडकी, खाली तो पूल, माझ्या हातात संत्रं. मला वाटत होतं, मी काहीतरी लपवते आहे आणि तुला त्याचा पत्ता नाही. हिवाळ्यात मी 'तुझ्याच पद्धतीने' म्हटलं तेव्हाच तू ओळखलं असणार, की हे मलाही ठाऊक आहे. तू मात्र माझ्याकडे बघत होतीस, मी सांगते का याची वाट बघत. नाही सांगत म्हटल्यावर मला घरी पाठवलंस, म्हणजे मला आणखी अवघड व्हायला नको. आपण दोघी एकाच खाटेवर बसून एकच गोष्ट एकमेकींपासून लपवत होतो, वहिनी. तू लपवत होतीस ते माझ्यासाठी. आणि मीही माझ्यासाठीच.